खोडलेलं दिसू देणारा चित्रकार: केंट्रिजची ‘सेल्फ-पोर्ट्रेट अ‍ॅज अ कॉफी-पॉट’

विल्यम केंट्रिज या दक्षिण आफ्रिकी चित्रकाराची ‘सेल्फ-पोर्ट्रेट अ‍ॅज अ कॉफी-पॉट’ ही नऊ भागांची मालिका ऑक्टोबर २०२४ पासून म्युबी या चित्रपटांच्या ऑनलाइन मंचावर आहे. एकेक भाग साधारण अर्ध्या तासाचा, सगळं मिळून साडेचार तास धरा. चित्र, नाटक किंवा चित्रपट यांपैकी कशातही ज्यांचे हात गुंतलेले आहेत त्यांनी ती पाहायलाच हवी. मात्र ‘चारकोल, म्हणजे चित्रकलेचा कोळसा, कसा वापरावा’ हे शिकवणारा वर्ग समजून लावलीत तर हिरमोड होईल. केंट्रिज कागदाचं वजन सांगत नाही, कॅमेऱ्याची सेटिंग सांगत नाही, चित्र कुठे बिघडलं ते थांबून दाखवत नाही. तो काम करतो, फेऱ्या मारतो आणि स्वतःशी वाद घालतो. म्हणून या परीक्षणात मालिकेबद्दल जेवढं आहे, तेवढंच तिच्यामागच्या कारागिरीबद्दलही आहे. ती माहीत असली की पडद्यावरचं निम्मं आपोआप उलगडतं.

केंट्रिजचा जन्म १९५५ चा, जोहान्सबर्गचा. वडील सिडनी केंट्रिज हे वर्णभेदाच्या काळातल्या राजकीय खटल्यांतले नामांकित वकील. वर्णभेदाविरुद्ध लढणारा कार्यकर्ता स्टीव्ह बिको याच्या मृत्यूच्या चौकशीत त्यांनी बिको कुटुंबाची बाजू मांडली होती. मुलानं विट्स विद्यापीठात राज्यशास्त्र आणि आफ्रिकी अभ्यास हे विषय घेतले, मग जोहान्सबर्ग आर्ट फाउंडेशनमध्ये चित्रकला शिकला, आणि १९८१-८२ मध्ये पॅरिसला नाट्यशिक्षक जाक लकॉकच्या शाळेत मूकाभिनय आणि नाटक. नट म्हणून जमलं नाही म्हणून चित्रकार व्हावं लागलं, असं तो अनेकदा सांगतो. मालिका पाहताना हे विधान अर्धंच खरं वाटतं. लकॉकच्या पद्धतीत शरीरातल्या ताणाच्या सात पायऱ्या असतात, पार गळून गेलेल्या देहापासून ताठरून दगड झालेल्या देहापर्यंत. स्टुडिओत येरझाऱ्या घालणारा केंट्रिज कोणत्या क्षणी कोणत्या पायरीवर आहे इकडे लक्ष ठेवा. कागदाला हात लागण्याच्या बऱ्याच आधी चित्र सुरू झालेलं असतं, हे त्याच्या खांद्यांवरून कळतं.

चित्रीकरण जोहान्सबर्गच्या स्टुडिओतलं, कोविडच्या काळात सुरू झालेलं. बाहेरचं जग बंद, आत कागद, शाई, पुठ्ठा, जुनी पुस्तकं, आणि बोलायला माणूस नाही. यावर त्यानं काढलेला तोडगा म्हणजे दुसरा केंट्रिज. बराच वेळ पडद्यावर दोघं समोरासमोर बसलेले असतात. एक काहीतरी ठासून सांगतो, दुसरा ते खोडून काढतो. पहिला आठवण सांगतो, दुसरा म्हणतो असं घडलंच नव्हतं. संकलनात वॉल्टर मर्चसारखा अनुभवी माणूस आहे, त्यामुळे या भांडणाची लय कुठेही ढिली पडत नाही.

असं दुहेरी दृश्य करायची युक्ती जुनी आहे आणि ऐकायला सोपी. कॅमेरा स्टँडवर घट्ट बसवायचा, एकदा डावीकडे बसून चित्रण करायचं, मग उजवीकडे बसून, आणि दोन्ही तुकडे मधल्या रेषेवर जोडायचे. बिघडतं ते तीन ठिकाणी. पहिलं, उजेड. खिडकीतून ऊन येत असेल तर दोन चित्रणांच्या मधल्या वेळात ते सरकतं आणि जोड उघडा पडतो. एक्स्पोजर, फोकस आणि व्हाइट बॅलन्स हाताने ठरवून ठेवले नाहीत तर कॅमेरा स्वतःच दोन्ही वेळा वेगळा निर्णय घेतो. दुसरं, मधली रेषा. हात किंवा सावली पलीकडे गेली की कापली जाते, आणि टेबलावरचा कप बोटभर हलला तरी दिसतो. तिसरी अडचण सर्वात अवघड आणि ती यंत्राची नाही: ऐकण्याची. दुसऱ्या वेळी बसलेल्या माणसाला रिकाम्या खुर्चीकडे पाहून, पहिल्याचं बोलणं जेवढं लांब आहे तेवढंच ऐकायचं असतं, आणि नेमक्या क्षणी चेहरा बदलायचा असतो. नवशिक्यांचे असे प्रयोग याच ठिकाणी फसतात. डोळे अर्धा सेकंद उशिरा वळतात आणि समोर कोणी नाही हे उघड होतं. केंट्रिजचं ऐकणं खरं वाटतं, कारण रिकाम्या जागेत समोरचा माणूस उभा करणं हाच तर मूकाभिनयाचा पहिला धडा.

आता कोळसा. १९८९ च्या ‘जोहान्सबर्ग, सेकंड ग्रेटेस्ट सिटी आफ्टर पॅरिस’पासून २०२० च्या ‘सिटी डीप’पर्यंत ‘ड्रॉइंग्ज फॉर प्रोजेक्शन’ या मालेत त्याचे ११ लघुपट झाले. नेहमीच्या अ‍ॅनिमेशनमध्ये हालचालीच्या प्रत्येक टप्प्याला नवं चित्र लागतं. केंट्रिज एका दृश्याला एकच कागद वापरतो. कागद भिंतीवर, कॅमेरा खोलीच्या दुसऱ्या बाजूला. चित्र काढायचं, चालत कॅमेऱ्याकडे जायचं, एक-दोन चौकटी (फ्रेम) टिपायच्या, परत यायचं, थोडंसं खोडायचं, थोडंसं नव्यानं काढायचं, पुन्हा कॅमेऱ्याकडे. सुरुवातीला हे तो १६ मिलिमीटरच्या बोलेक्स कॅमेऱ्यावर करत असे. सेकंदाला २४ चौकटी आणि प्रत्येक बदलाच्या दोन चौकटी असा हिशेब धरा. सेकंदाला १२ बदल, मिनिटाला ७२०. कॅमेरा कागदापासून तीन मीटरवर असेल तर दर बदलाला जाऊन-येऊन सहा मीटर, म्हणजे एका मिनिटाच्या चित्रपटासाठी चार किलोमीटरांहून जास्त चाल. पहिल्या भागात स्टुडिओभर जी पायपीट दिसते, ती या हिशेबातून आलेली आहे. पटकथा आधी नसते. पुढचं दृश्य त्या चालण्यात सुचतं.

याचं उत्तम उदाहरण १९९१ च्या ‘माइन’मधलं. खाणमालक सोहो एक्स्टाइन बिछान्यात न्याहारी करतोय, त्याच्या पुढ्यात दट्ट्या दाबून कॉफी करायचं भांडं आहे. सोहो दट्ट्या खाली दाबतो, आणि तो भांड्याच्या तळातून, ट्रेमधून, गादीतून, जमिनीतून खाली खाली जात थेट खाणीत पोहोचतो, जिथे मजूर राबतायत. वरचं श्रीमंत शयनगृह आणि खालची खाण जोडायला वर्णभेदावरचं व्याख्यान लागलं नाही, एक दट्ट्या पुरला. हे आधी ठरलेलं नव्हतं. ते भांडं त्या दिवशी स्टुडिओत होतं म्हणून चित्रात आलं, असं केंट्रिजनंच सांगितलेलं आहे. या प्रकाराला तो ‘फॉर्च्युना’ म्हणतो: निव्वळ योगायोग नाही, आणि ठरवून केलेलंही नाही. मालिकेच्या नावातली कॉफीची किटली कुठून आली याचं एक उत्तर इथे आहे. दुसरं उत्तर २००३ च्या ‘जर्नी टू द मून’मध्ये, जिथे चुलीवर ठेवायची इटालियन कॉफीची किटली चक्क चंद्रावर जाणारं यान होते. स्वतःचा चेहरा काढण्याऐवजी रोज हाताळलेली वस्तू काढली तर ते आत्मचित्र का नाही, हा दुसऱ्या भागाचा प्रश्न आहे, आणि मालिकेतला सर्वात ताकदीचा विचारही तोच.

कोळसा पूर्ण पुसला जात नाही. पाटीवर ओला बोळा फिरवल्यावर करडा पट्टा राहतो तसा इथेही मागे डाग राहतो. सुरुवातीला केंट्रिजला हे डाग नको होते, मग तेच त्याचं म्हणणं झालं. माणूस चालत गेला की त्याच्या मागे त्याच्याच आधीच्या पावलांची करडी सावली उरते. १९९४ च्या ‘फेलिक्स इन एक्झाइल’मध्ये उघड्यावर पडलेल्या मृतदेहांवर वर्तमानपत्रं येतात आणि ते हळूहळू जमिनीत विरून जातात. सर्व वंशांना मतदान असलेल्या पहिल्या निवडणुकीच्या उंबरठ्यावर देश असतानाचा हा लघुपट आहे, आणि कोण कसं विसरलं जाणार याची चिंता त्यात कागदाच्या पातळीवर घडते. जोहान्सबर्गच्या जमिनीशीही याचा थेट संबंध आहे. शहर ज्यावर वसलंय त्या विटवॉटर्सरँड डोंगरपट्ट्यात १८८६ मध्ये सोनं सापडलं, आणि खाणीतून निघालेल्या मातीचे पिवळे डोंगर शहराभोवती उभे राहिले. पुढे उरलंसुरलं सोनं काढण्यासाठी तेच डोंगर पुन्हा उपसले गेले. लहानपणी पाहिलेल्या टेकड्या मोठेपणी जागेवर नाहीत, असं ज्या शहरात घडतं, तिथल्या माणसानं खोडण्याला चित्राची भाषा करणं स्वाभाविक आहे. मालिकेत हा भूगोल परक्या प्रेक्षकाला पुरेसा समजावून दिलेला नाही. तेवढं आधी माहीत असू द्या.

मालिका पाहून हात शिवशिवणार हे नक्की, म्हणून ती जे सांगत नाही ते इथे. कोळसा दोन जातींचा घ्या. विलो किंवा वेलीचा जळका कोळसा कागदाच्या खरबरीत पृष्ठावर नुसता बसतो, म्हणून उडवता येतो. कॉम्प्रेस्ड चारकोलमध्ये चिकटवणारा पदार्थ असतो. तो काळा गडद देतो, पण एकदा बसला की पांढरा कागद परत मिळत नाही. म्हणून हलणारं सगळं विलोनं, आणि शेवटपर्यंत जिथे काळंच राहणार आहे तिथेच कॉम्प्रेस्ड. कागद ३०० जीएसएमच्या (चौरस मीटरला इतके ग्रॅम) आसपासचा, सुती, पृष्ठाला दाणा असलेला हवा. शाळेच्या वहीतला कार्ट्रिज कागद चार-पाच वेळा खोडल्यावर उसवतो, त्याचे तंतू वर येतात, आणि त्या जागी कोळसा घातला की चट्टा पडतो जो पुन्हा निघत नाही. खोडताना क्रम पाळा: आधी मऊ फडक्यानं भुकटी झटकायची, मग मळून घ्यायच्या रबरानं टिपून उचलायचं, घासायचं नाही, आणि कडा तीक्ष्ण हवी असेल तिथेच प्लास्टिकचं कडक रबर. फिक्सेटिव्हचा, म्हणजे कोळसा पक्का करणारा, फवारा चित्रण संपेपर्यंत लांब ठेवा. मध्येच मारलात तर खालचा थर पक्का होतो आणि पुढचं खोडणं संपतं.

कॅमेरा म्हणून मोबाइल चालतो, पण एक्स्पोजर आणि फोकस लॉक करून. डीएसएलआर वापरत असाल तर एक छुपा दोष माहीत हवा: दर क्लिकला लेन्सचं छिद्र बंद होताना अगदी किंचित कमी-जास्त होतं, आणि चित्रपट चालवल्यावर उजेड लुकलुकतो. हाताने छिद्र ठरवायची जुनी लेन्स लावली की हा त्रास जातो. खिडक्या बंद, एकाच जातीचे दोन दिवे, दोन्ही बाजूंनी ४५ अंशांवर. क्लिक करताना तुम्ही जिथे उभे राहता ती जागा फरशीवर टेप लावून ठरवा, कारण अंगावरच्या कपड्यांवरून परतणारा उजेडही कागदावर दिसतो. मुंबई-कोकणात पावसाळ्यात आणखी एक संकट असतं. रात्रभरात कागद दमट हवा पितो आणि फुगतो, सकाळी पहिल्या चौकटीत सगळं चित्र उडी मारतं. चार कोपऱ्यांना पिना पुरत नाहीत. कागद ओला करून गोंदाच्या पट्टीनं चारही कडांनी फळीवर ताणून वाळवून घ्या, आणि सुरू केलेलं दृश्य शक्यतो त्याच बैठकीत संपवा. रिमोटनं क्लिक करायचा मोह होईल. काम लवकर होईल, पण मालिका ज्या एका गोष्टीचा आग्रह धरते ती गोष्ट, कागदापासून दूर जाऊन परत येणं, त्यात निघून जाईल. पहिलं मिनिट तरी चालतच करा.

शाईच्या झाडांची कामंही नीट पाहा. केंट्रिज मुद्दाम पिसारलेला, केस वेडेवाकडे झालेला ब्रश वापरतो. नवा ब्रश टोकाला एकच रेष देतो, खराब ब्रश एका दाबात झाडाची दहा पानं. मोठं झाड एका कागदावर नसतं, जुन्या पुस्तकांच्या पानांवर तुकड्या-तुकड्यांनी काढून ती पानं भिंतीवर जुळवली जातात. तुकडे सरकवून फांदी बदलता येते, म्हणजे इथेही खोडरबराची सोय आहेच, फक्त कात्रीच्या रूपात.

उलटं चित्रण हा त्याचा आणखी एक आवडता खेळ. कागद फाडतानाचं चित्रण उलटं चालवलं की फाटलेले तुकडे हवेतून हातात येऊन अखंड होतात. वरवर पाहता ही लहान मुलांची गंमत आहे, पण ती चांगली करणं कठीण. उलट चालताना वजन चुकीच्या पायावर जातं, तेव्हा नटाला मुळातच उलटी चाल बसवावी लागते, म्हणजे उलटवल्यावर ती सुलटी वाटेल. कपड्याची झूल, केस आणि धूळ मात्र नटाचं ऐकत नाहीत, आणि तिथे युक्ती पकडली जाते. केंट्रिज ती पकडली जाऊ देतो. प्रेक्षकाला कसं केलं हे दिसत असूनही आनंद कमी होत नाही, यावर त्याचा पूर्ण विश्वास आहे, आणि मालिका तो सिद्ध करते.

आठवा भाग, ‘ओह टू बिलीव्ह इन अनदर वर्ल्ड’, वेगळा काढून सांगण्याजोगा. याच नावाचा चित्रपट त्यानं सोव्हिएत संगीतकार शोस्ताकोविचच्या दहाव्या सिम्फनीसाठी केला आणि २०२२ मध्ये तो ल्युसर्नच्या वाद्यवृंदासोबत दाखवला गेला. पुठ्ठ्याचं छोटं संग्रहालय बांधलेलं, आत छोटा कॅमेरा फिरतो, आणि त्या दालनांत मुखवटे घातलेले लेनिन, स्टालिन, ट्रॉट्स्की, कवी मायाकोव्हस्की वावरतात. पुठ्ठ्याची कडा, गोंदाचा ओघळ, कागदाची घडी काहीही लपवलेलं नाही. भव्य स्वप्नांची इमारत कशाची होती हे सांगायला याहून नेमकं साहित्य सापडणार नाही.

तक्रारी आहेत. दोन केंट्रिजांचं भांडण पहिल्या तीन भागांत रंगतं, पण पुढे त्याचा साचा ओळखीचा होतो: दुसरा कधी टोकणार हे आधीच कळू लागतं. बोलणं भरपूर आणि इंग्रजीत, वाक्यं लांब. हात काम करत असताना तोंड थांबलं असतं तर बरं, असं अनेकदा वाटतं. आणि सर्वात मोठी तक्रार सहकाऱ्यांबद्दल. संगीतकार फिलिप मिलर १९९४ पासून त्याच्यासोबत आहे. गायक, नर्तक, पुठ्ठ्याचं काम करणारे, शिवणारे, संकलक यांच्याशिवाय केंट्रिजचं रंगमंचावरचं एकही मोठं काम उभं राहत नाही. पहिल्या महायुद्धात युरोपीय सैन्यांचं ओझं वाहणाऱ्या आफ्रिकी हमालांवरचं २०१८ चं ‘द हेड अँड द लोड’ आठवा. २०१६ मध्ये त्यानंच जोहान्सबर्गला ‘सेंटर फॉर द लेस गुड आयडिया’ सुरू केलं, ते अशा एकत्र कामासाठीच. मोठा वैद्य बरं करू शकला नाही तर त्याच्याहून कमी नावाजलेल्याकडे जा, अशा अर्थाच्या त्स्वाना म्हणीवरून ते नाव आलंय. एवढी माणसं पाठीशी असताना मालिका मात्र स्टुडिओतल्या एका माणसाभोवती फिरते. कोविडचं कारण समजतं, तरी रुखरुख राहते.

केंट्रिजचं काम आपल्याकडे येऊन गेलेलं आहे: २०१३ मध्ये मुंबईच्या व्होल्टे गॅलरीत, आणि २०१८ च्या कोची बिएनाले या कलाप्रदर्शनात ‘मोअर स्वीटली प्ले द डान्स’, आठ पडद्यांवरून सरकणारी मिरवणूक. कोचीची ती मिरवणूक ज्यांनी अंगावर घेतली त्यांना लॅपटॉपवरची मालिका सुरुवातीला लहान वाटेल. पण हिचं माप टेबलाएवढं आहे आणि ते लहान पडद्याला मानवतं. हेडफोन मात्र चांगले लावा. कोळशाची खरखर, कागद उलटल्याचा आवाज, पावलं, हे सगळं मोबाइलच्या स्पीकरवर मरतं.

म्युबीचं वर्गणीखातं एकाच महिन्यापुरतं घेणार असाल तर रोज एक भाग असं ठेवा, सलग तीन पाहिले की बोलणं डोक्यात साचतं. पहिले दोन क्रमानं पाहा, कारण स्टुडिओची रचना आणि दुसऱ्या केंट्रिजची ओळख तिथे होते. पुढचे मागेपुढे झाले तरी चालतील. आठव्या भागाआधी शोस्ताकोविचची दहावी सिम्फनी ऐकून घ्या. स्टालिन मार्च १९५३ मध्ये गेला आणि ही सिम्फनी त्याच वर्षी डिसेंबरमध्ये पहिल्यांदा वाजली. सगळी ऐकायला तासाच्या आत वेळ लागतो. तेवढा नसेल तर सिम्फनीचा दुसरा भाग तरी, तो चार-पाच मिनिटांचाच आहे, अंगावर धावून येणारा. आणि जमलं तर तिसरा: त्यात फ्रेंच हॉर्नवर पाच सुरांची एकच हाक १२ वेळा येते. शोस्ताकोविचनं ती एल्मिरा नाझिरोवा या आपल्या विद्यार्थिनीच्या नावावरून बांधली होती, आणि केंट्रिजच्या पुठ्ठ्याच्या संग्रहालयात तीही एक पात्र आहे.